ज्यांना बाप्तिस्मा दिला, त्यांनाच देशाबाहेर काढले: स्पेनच्या संसदेला खुले पत्र

प्रति,
सन्माननीय सदस्य,
कनिष्ठ सभागृह, स्पेनची संसद,
माद्रिद

महोदय, महोदया,

मी महाराष्ट्रातल्या वसईत राहणारा एक कॅथलिक आहे. माझ्या पूर्वजांचा बाप्तिस्मा पोर्तुगीज अमलात झाला. १५८० ते १६४० या साठ वर्षांत पोर्तुगालचा मुकुट स्पेनच्या राजाकडेच होता, त्यामुळे वसई, चौल आणि गोवा हे मुलूख आणि तुमचे वालेन्सिया, ग्रानादा एकाच राजाच्या सत्तेखाली होते. ज्या तिसऱ्या फिलिपने १६०९ मध्ये मोरिस्कोंना, म्हणजे बाप्तिस्मा दिलेल्या स्पेनमधल्या मुसलमानांना आणि त्यांच्या वंशजांना, देशाबाहेर काढण्याचा हुकूम दिला, तोच आमच्याकडे पोर्तुगालचा दुसरा फिलिप म्हणून राज्य करत होता. त्याच्या एका मुलखातल्या नवख्रिस्ती प्रजेला घरातून उठवून जहाजांत घातले गेले आणि दुसऱ्या मुलखातली आमच्यासारखी प्रजा आपापल्या वाडीत राहिली. आम्ही आजही त्याच मातीत आहोत, म्हणून त्यांच्याविषयी बोलणे मला माझे काम वाटते.

माझी मागणी आरंभीच सांगतो. तुमच्या नागरी संहितेच्या बाविसाव्या कलमानुसार परदेशी माणसाला स्पेनचे नागरिकत्व मिळवण्यासाठी सर्वसाधारणपणे दहा वर्षे कायदेशीर वास्तव्य करावे लागते. लॅटिन अमेरिकेतील देश, अँडोरा, फिलिपिन्स, इक्वेटोरियल गिनी आणि पोर्तुगाल यांच्या नागरिकांना आणि सेफार्दी, म्हणजे मूळच्या स्पेन-पोर्तुगालच्या, ज्यूंना मात्र दोनच वर्षे पुरतात, कारण स्पेनशी त्यांचे ऐतिहासिक नाते आहे असे कायदा मानतो. या यादीत मोरिस्कोंच्या वंशजांचा समावेश करावा, एवढेच माझे म्हणणे आहे.

स्पेनबाहेर या लोकांची माहिती फारशी कोणाला नसते आणि हे पत्र माझे मराठी बांधवही वाचणार आहेत, म्हणून थोडा पूर्वेतिहास सांगणे भाग आहे. २ जानेवारी १४९२ रोजी ग्रानादा हे स्पेनमधले शेवटचे मुसलमानी राज्य शरण आले. त्याआधी, नोव्हेंबर १४९१ मध्ये, राजा फर्डिनांड आणि राणी इसाबेला यांनी शरणागतीच्या तहावर सह्या केल्या होत्या. मुसलमानांचा धर्म, त्यांच्या मशिदी, त्यांचे काझी आणि त्यांचे कायदे यांना हात लावला जाणार नाही, कोणालाही बळजबरीने ख्रिस्ती केले जाणार नाही, असे त्यात स्पष्ट लिहिलेले होते. ग्रानादाचे पहिले आर्चबिशप एर्नांदो दे तालावेरा यांनी तो शब्द मनापासून पाळण्याचा प्रयत्न केला. पाद्र्यांनी अरबी शिकावी यासाठी ते झटले आणि त्यांच्या प्रेरणेने १५०५ मध्ये अरबीचे व्याकरण व शब्दसंग्रह छापले गेले. पण त्यांची चाल धिमी होती. १४९९ मध्ये टोलेडोचे आर्चबिशप सिस्नेरोस ग्रानादात आले, सामूहिक बाप्तिस्मे सुरू झाले, बिब-रांब्ला चौकात अरबी ग्रंथांची होळी झाली आणि वैद्यकाची पुस्तके तेवढी बाजूला काढली गेली. त्यावर अल्बाइसिन मोहल्ल्यात आणि पुढे आल्पुखारास डोंगरात बंड उसळले, तेव्हा दरबाराने जाहीर केले की बंड झाले म्हणजे तह मोडला. राजाच्या सहीचे वचन दहा वर्षेही टिकले नाही. १५०२ मध्ये कॅस्टिलच्या सर्व मुसलमानांना धर्म किंवा देश यांपैकी एक सोडण्याचा हुकूम झाला, आणि बाहेर पडण्याच्या अटी इतक्या कठीण होत्या की बहुतेकांपुढे बाप्तिस्मा हा एकच मार्ग उरला.

वालेन्सियात जे घडले ते मला, एक ख्रिस्ती म्हणून, सर्वांत जास्त अस्वस्थ करते. तेथे १५१९ ते १५२३ या काळात कारागिरांच्या संघांनी सरदारांविरुद्ध बंड पुकारले होते. सरदारांच्या जमिनी कसणारे मुसलमान धन्याच्या बाजूने लढतात म्हणून बंडखोरांनी १५२१ मध्ये त्यांना पकडून बाप्तिस्मा देण्याचा सपाटा लावला. गांदियाला पाटाच्या पाण्यात केरसुण्या आणि झाडांच्या डहाळ्या बुडवून ते पाणी जमावावर शिंपडले गेले. पोलोपच्या किल्ल्यातून शरण आलेल्यांना तर बाप्तिस्मा देऊन लगेच कापून काढले. बंड मोडल्यावर प्रश्न उभा राहिला की या बाप्तिस्म्यांचे काय करायचे. त्यासाठी १५२५ मध्ये माद्रिदमध्ये धर्मपंडितांची आणि अधिकाऱ्यांची सभा भरली. इन्क्विझिशनचे, म्हणजे पाखंडाचे खटले चालवणाऱ्या धर्मन्यायालयाचे, प्रमुख आलोन्सो मान्रिके तिचे अध्यक्ष होते. सभेने निर्णय दिला की हे बाप्तिस्मे वैध आहेत. मरण आणि बाप्तिस्मा यांतून त्या लोकांनी बाप्तिस्मा निवडला, म्हणजे त्यांनी आपल्या इच्छेचा वापर केला, असा तो युक्तिवाद होता. त्याच वर्षाच्या अखेरीस राजा पाचव्या चार्ल्सने वालेन्सियातील उरलेल्या मुसलमानांनाही धर्मांतराचा हुकूम दिला आणि तोच हुकूम आरागॉन व कॅटालोनिया यांनाही लागू झाला.

सन्माननीय सदस्यहो, या निर्णयापाशी आपण थांबून विचार करावा अशी माझी विनंती आहे. गळ्यावर सुरी ठेवून दिलेला बाप्तिस्मा संमतीचा मानायचा, ही गोष्ट माझ्या श्रद्धेला पटत नाही आणि आज कोणत्याही चर्चला पटणार नाही. पण तुमच्या राज्याने ती मानली. एकदा मानल्यावर तिचे परिणामही राज्यावर बंधनकारक होते, कारण त्या दिवसापासून कायद्याच्या दृष्टीने हे सारे लोक ख्रिस्ती झाले. त्यांना इन्क्विझिशनपुढे उभे करता आले ते याच आधारावर, कारण बाप्तिस्मा न झालेल्या माणसावर पाखंडाचा आरोप ठेवता येत नाही. शुक्रवारी स्वच्छ कपडे घातले, डुकराचे मांस नाकारले, मृताला न्हाऊ घातले, हातांना मेंदी लावली, जमिनीवर बसून कुसकुस खाल्ले, या गोष्टी खटल्यांच्या कागदांत पुरावा म्हणून नोंदलेल्या आहेत. शिक्षा करायची वेळ आली तेव्हा ते ख्रिस्ती होते. संरक्षण द्यायची वेळ आली तेव्हा ते पुन्हा मुसलमान ठरले.

त्यांच्यातले अनेकजण मनाने मुसलमानच राहिले होते, हे मी नाकारत नाही. १५०४ मध्ये उत्तर आफ्रिकेतल्या ओरानच्या एका मुफ्तीने त्यांना लिहून कळवले होते की सक्ती असेल तेथे नमाज खुणेने करा, रात्री करा, मद्य पिणे भाग पडले तर मनात नकार ठेवून प्या. ही शिकवण शंभर वर्षे घराघरांत चालत आली. ज्याच्यावर विश्वास लादला गेला त्याने आपला विश्वास लपवला, यात मला कपट दिसत नाही.

आता १५६७ सालाकडे येतो. त्या वर्षी १ जानेवारीला ग्रानादात स्पेनच्या दुसऱ्या फिलिपचा, म्हणजे वर सांगितलेल्या तिसऱ्या फिलिपच्या वडिलांचा, हुकूम पुकारला गेला. तीन वर्षांत सर्वांनी अरबी सोडून कॅस्टिलची भाषा शिकायची, अरबी कागदपत्रे दाखल करायची, अंगावरचा वेष बदलायचा, बायकांनी तोंड उघडे ठेवायचे, हमामखाने बंद करायचे, लग्नाच्या दिवशी आणि शुक्रवारी घराची दारे उघडी ठेवायची, म्हणजे आत काय चालले आहे ते बाहेरच्याला दिसेल. याविरुद्ध फ्रान्सिस्को नुन्येस मुले नावाच्या एका वृद्ध मोरिस्कोने ग्रानादाच्या न्यायालयाचे अध्यक्ष पेद्रो दे देसा यांना एक निवेदन दिले. तरुणपणी हा माणूस तालावेरांच्या पदरी होता. त्याने लिहिले की वेष हा प्रांताचा असतो, धर्माचा नसतो. पूर्वेकडचे ख्रिस्ती तिथल्या लोकांसारखेच कपडे घालतात, अरबी बोलतात आणि तरीही ख्रिस्तीच असतात. ज्या झांब्रा वाद्यमेळावर तुम्ही बंदी घालता, तो आर्चबिशप तालावेरांच्या मिरवणुकीत वाजत असे. म्हाताऱ्या माणसांना तीन वर्षांत नवी भाषा कशी यावी आणि गरिबाने नव्या कपड्यांचे पैसे कोठून आणावेत, असेही त्याने विचारले. एवढे साधे, सरळ आणि सभ्य निवेदन त्या काळच्या कागदांत क्वचित सापडेल. त्याचा काहीही उपयोग झाला नाही.

त्याचा युक्तिवाद किती खरा होता हे मी माझ्या घरावरून सांगू शकतो. आमच्याकडच्या कुपारी समाजातल्या जुन्या बायका लाल लुगडे नेसून मिस्साला जात, घरात आमची सामवेदी बोली बोलत, लग्नात आपल्या पद्धतीची गाणी म्हणत, आणि म्हणून त्यांच्या ख्रिस्ती असण्याला काही बाधा आली नाही. पोर्तुगीजांनी आमच्यावर मेहेरबानी केली असे मात्र कोणी समजू नये. गोव्यात १५६० मध्ये इन्क्विझिशन बसले आणि १६८४ मध्ये तिथल्या व्हाइसरॉयने कोकणी सोडून पोर्तुगीज शिकण्यासाठी लोकांना तीन वर्षांचीच मुदत दिली. ग्रानादाचा हुकूम आणि गोव्याचा हुकूम यांत शंभराहून अधिक वर्षांचे अंतर आहे, तरी मुदत तीच. कोकणी त्यातून वाचली, कारण बोलणारे आपल्या गावात राहिले. ग्रानादाच्या अरबीला ती संधी मिळाली नाही.

१५६८ च्या नाताळात आल्पुखारासमध्ये पुन्हा बंड झाले आणि ते १५७१ पर्यंत चालले. दोन्ही बाजूंनी अत्यंत क्रूर कृत्ये झाली. बंडखोरांनी पाद्र्यांना हालहाल करून मारले आणि गालेरा गाव राजाचा सावत्र भाऊ डॉन हुआन याच्या सैन्याने जमीनदोस्त केले. पण त्यानंतरची शिक्षा बंडखोरांपुरती राहिली नाही. शांत बसलेल्या, हत्यार न उचललेल्या मोरिस्कोंसह सुमारे ऐंशी हजार माणसे ग्रानादातून उचलून ऐन थंडीत कॅस्टिलभर विखरून टाकली गेली आणि त्यांतली कितीतरी वाटेतच गेली.

शेवटचा घाव १६०९ चा. ९ एप्रिलला, ज्या दिवशी डच बंडखोरांशी बारा वर्षांच्या युद्धविरामावर सही झाली, त्याच दिवशी राजाने हकालपट्टीला मंजुरी दिली. उत्तरेत पत्करलेल्या माघारीची लाज दक्षिणेतल्या या विजयाने झाकावी, हा राजाच्या मर्जीतल्या मंत्र्याचा, लेर्माच्या ड्यूकचा, हिशेब इतिहासकारांनी पुष्कळदा मांडला आहे आणि मला तो पटतो. तुर्कांशी आणि फ्रान्सशी मोरिस्कोंचे संधान असल्याचे कारण पुढे केले गेले. काहींचे तसे संधान होतेही. पण पाटाचे पाणी राखणाऱ्या, ऊस आणि भात पिकवणाऱ्या हजारो कुळांचे, त्यांच्या बायकामुलांचे कोणते संधान होते? २२ सप्टेंबरला वालेन्सियात हुकूम जाहीर झाला. तीन दिवसांत नेमून दिलेल्या बंदराकडे निघायचे, न निघणाऱ्याला मरण. स्वतःला उचलून नेता येईल तेवढेच सामान न्यायचे, आणि लपवलेल्या किंवा जाळलेल्या मालाबद्दलही मरण. शंभरातली सहा घरे मात्र मागे ठेवायची होती, कारण साखरेचे घाणे, भाताचे पीक आणि पाण्याचे पाट कसे चालवायचे हे नव्या मालकांना कोणीतरी शिकवायला हवे होते. मोरिस्कोंनी ही सवलत नाकारली. जायचे तर सगळ्यांनी, असे त्यांनी ठरवले. त्यांच्या हातचे कौशल्य हवे, पण ती माणसे नकोत, हे या एका कलमातून जितके उघड होते तितके दुसऱ्या कशातूनही होत नाही.

देनिया, आलिकांते आणि वालेन्सियाच्या धक्क्यांवरून जहाजे सुटली. ओरानला उतरून त्लेम्सेनकडे पायी निघालेल्यांपैकी अनेकांना वाटेत टोळ्यांनी लुटले, मारले. पुढच्या वर्षी आंदालुसिया, कॅस्टिल आणि आरागॉन यांची पाळी आली. मुसलमानी मुलखात जाणाऱ्यांनी सात वर्षांखालची मुले मागे ठेवावीत, असा आंदालुसियाचा नियम होता, म्हणून कितीतरी आईबापांनी आधी फ्रान्सची वाट धरली. एकूण सुमारे तीन लाख माणसे गेली. वालेन्सिया राज्याची जवळजवळ एक तृतीयांश वस्ती गेली आणि गावेच्या गावे ओस पडली.

सर्वांत शेवटी मुर्सियातील सेगुरा नदीकाठचे रिकोते खोरे रिकामे केले गेले. तिथल्या लोकांची अरबी केव्हाच सुटली होती. तीन पिढ्यांहून अधिक काळ ते चर्चमध्ये लग्न लावत होते, चर्चच्या दफनभूमीत मृतांना पुरत होते. त्यांनी दयेसाठी मिरवणुका काढल्या. १६१२ मध्ये एका पाद्र्याने चौकशी करून ते चांगले ख्रिस्ती असल्याचा अहवाल दिला. तरीही १६१३ च्या अखेरीस त्यांना काढलेच. मी बाप्तिस्मा मानणारा माणूस आहे, म्हणून विचारतो: यांचा गुन्हा काय होता? राज्याने सांगितले ते सगळे त्यांनी केले होते. ज्या रक्तात ते जन्मले ते बदलणे मात्र त्यांच्या हातात नव्हते. वालेन्सियाचे आर्चबिशप हुआन दे रिबेरा हे हकालपट्टीचे मोठे पुरस्कर्ते होते आणि १९६० मध्ये आमच्या चर्चने त्यांना संतपद दिले. त्यांची गरिबांवरची माया खरी असेल, पण त्यांच्या नावाने प्रार्थना करताना माझी जीभ अडखळते.

मोरिस्को स्पेनला किती आपला मानत होते याचा पुरावा तुमच्याच देशात सापडला. १८८४ मध्ये आरागॉनमधल्या आल्मोनासिद दे ला सिएरा येथे एक जुने घर पाडताना खोट्या लाकडी जमिनीखाली हस्तलिखितांचा मोठा साठा निघाला. कापडात गुंडाळून, कीड लागू नये म्हणून मध्ये खड्यांचे मीठ ठेवून, कोणीतरी तो नीट लपवला होता. परत येऊ, अशी आशा असल्याशिवाय माणूस इतकी काळजी घेत नाही. काही पोथ्या मजुरांनी फेकल्या, मुलांनी जाळल्या, आणि उरलेल्यांपैकी बहुतेक आज माद्रिदमध्ये आहेत. त्यांतल्या बहुतेकांची लिपी अरबी आहे आणि भाषा स्पॅनिश. नमाजाचे नियम, पैगंबरांच्या कथा, औषधांचे पाठ हे सगळे त्यांनी तुमच्या भाषेत लिहून ठेवले. त्याच सुमारास गोव्यात जेझुइट पाद्री ख्रिस्ताची कथा मराठी ओव्यांत रचून रोमी लिपीत छापत होते, त्यामुळे हा प्रकार आम्हाला अनोळखी वाटत नाही. हकालपट्टीनंतरही ट्युनिसमध्ये हे लोक स्पॅनिशमध्येच लिहीत राहिले. तेस्तूर गाव त्यांनीच वसवले, ट्युनिसच्या शेशिया टोपीचा धंदा त्यांनीच वाढवला. ओर्नाचोस गावातून गेलेल्यांनी मोरोक्कोत साले येथे काही काळ स्वतःचे प्रजासत्ताकही चालवले. रबात, तेतुआन, तेस्तूर येथे आजही स्पॅनिश आडनावे लावणारी घराणी आहेत.

आता तुमच्या संभाव्य आक्षेपांकडे वळतो. वंश सिद्ध कसा करायचा, असे विचारले जाईल. सेफार्दी ज्यूंसाठी तुम्ही २०१५ चा कायदा केलात, तेव्हा हाच प्रश्न होता आणि तुम्ही उत्तर शोधलेत: आडनावे, कुटुंबाच्या नोंदी, जपलेली भाषा, समाजाच्या संस्थांचे दाखले. तोच मार्ग येथेही खुला आहे, आणि सिमान्कासच्या अभिलेखागारात हकालपट्टीचे कागदही आहेत. लाखो लोक येतील, अशी भीती घातली जाईल. मी तर तडक नागरिकत्वही मागत नाही. ज्याला स्पेनमध्ये राहण्याचा परवाना मिळाला आहे, त्याचा वास्तव्याचा काळ कमी करा, एवढेच म्हणतो. ज्यूंना त्यांच्या धर्मासाठी काढले आणि मोरिस्कोंना सुरक्षेसाठी, असा फरकही कोणी करील. त्याला रिकोतेचे उदाहरण पुरेसे आहे.

हकालपट्टीला चारशे वर्षे झाली त्या वर्षी, नोव्हेंबर २००९ मध्ये, ग्रानादाच्या एका समाजवादी सदस्याने मांडलेला ठराव तुमच्या सभागृहाने संमत केला होता. मोरिस्कोंवर अन्याय झाला हे मान्य करावे आणि त्यांच्या वंशजांशी संबंध दृढ करावेत, असे त्यात सरकारला सांगितले होते. तो बंधनकारक नव्हता. त्यानंतर सहा वर्षांनी सेफार्दी ज्यूंसाठी विशेष कायदा झाला, ज्याबद्दल मला मनापासून आदर आहे. मोरिस्कोंच्या बाबतीत तो ठराव होता तेथेच आहे.

बाविसाव्या कलमात सेफार्दी ज्यूंचा उल्लेख १९८२ मध्ये एका दुरुस्तीने आला. त्याच्याच पुढे आणखी एक दुरुस्ती करून मोरिस्कोंच्या वंशजांचा उल्लेख यावा, २००९ चा ठराव सरकारवर बंधनकारक ठरेल अशा रूपात पुन्हा मांडला जावा, आणि सिमान्कास व माद्रिद येथील हकालपट्टीची कागदपत्रे मोरोक्को, अल्जीरिया, ट्युनिशिया येथील कुटुंबांना आपल्या पूर्वजांची गावे शोधता येतील अशा पद्धतीने अरबी सूचीसह खुली व्हावीत, अशी या पत्राद्वारे आपणांस विनंती करतो.

कळावे,

आपला नम्र,
वसई येथील एक ख्रिस्ती नागरिक